नसलेल्या खोलीचं अपील

काटेभाऊ खटला जिंकले, आणि तिथूनच त्यांच्या घराला घरघर लागली.

शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये, असं जुनी माणसं सांगून गेली. पण चढलेल्यानं उतरायचं कसं, हे सांगायला त्यांच्यातलं एकही माणूस मागे थांबलं नाही. हरलेला निदान रडत उतरतो, त्याला सगळे हात देतात. जिंकलेल्याला मिठाईचा पुडा सांभाळत, हसत हसत उतरावं लागतं. पायाखाली पायरी आहे की नाही, हे त्याला पुड्यामुळे दिसत नाही.

काटेभाऊ हे काही त्यांचं खरं नाव नव्हे. ते वजनमापं तपासणाऱ्या कचेरीत होते. दुकानादुकानांत जाऊन तराजूचा काटा मधोमध उभा राहतो का ते बघायचं, वजनांवर शिक्का मारायचा, असं त्यांचं काम. घरीही तीच रीत. बायको "थोडं थांबा" म्हणाली तर हे विचारणार, "थोडं म्हणजे किती?" अशा माणसानं ‘जे आहे ते नाही’ असं लिहिलेल्या कागदाखाली सही ठोकावी, याला दिवस फिरणं म्हणतात.

भांडण खोलीचं होतं. इमारतीच्या वरच्या मजल्यावर दोन बिऱ्हाडं. एक काटेभाऊंचं, दुसऱ्यात दातांच्या डॉक्टरांचा दवाखाना. त्यांना सगळे दातवाले म्हणायचे. ही दोन बिऱ्हाडं कधीकाळी एकच होती. बांधणाऱ्यानं मधे भिंत घातली तेव्हा एक खोली भिंतीच्या पोटात राहून गेली. ती ना याच्या नकाशात आली, ना त्याच्या. तिचं एक दार काटेभाऊंच्या बोळात उघडायचं. दुसरं, दातवाल्यांच्या बाजूचं, चुन्यानं लिंपलेलं होतं. त्या खोलीत काटेभाऊंची आत्या राहायची. आईमागे तिनंच त्यांना वाढवलं. आता ती शिंप्याच्या दुकानाची काजं करायची: सदऱ्याला चीर पाडायची, कडेनं दोरा भरायचा, बटण लावायचं. आणि हात चालला की तोंड चालायचं, गाणं आपोआप जुळायचं:

*भोक पाडते कापडा, भोवती गं दोरा भरी,*
*नाही त्याच्या काठावरी, आहे त्याची फेरी फेरी.*

दातवाल्यांना क्ष-किरणाच्या यंत्रासाठी जागा हवी होती. त्यांनी दावा लावला की ही खोली मूळची आमची. काटेभाऊ घाबरले. त्यांच्याकडेही कागद नव्हताच.

त्यांचे वकील पान उलटावं तसं हसले. म्हणाले, "काटेभाऊ, खोली तुमची आहे हे सिद्ध करायला जन्म जाईल. त्यापेक्षा आपण म्हणू, खोलीच नाही."

"पण आहे ना."

"नकाशात आहे?"

"नाही."

"मग कोर्टाच्या लेखी नाही. नसलेल्या वस्तूवर हक्क कोण सांगणार? दातवाले तोंडावर आपटतील. तुम्ही राहा सुखानं."

आणि तसंच झालं. न्यायाधीशांनी दावा फेटाळला आणि निकालात स्पष्ट लिहिलं: वादातील खोली अस्तित्वात नाही. काटेभाऊंनी मिठाई वाटली. आत्यालाही दिली. ती म्हणाली, "म्हणजे मी आता कुठं बसून खाऊ हे?" आणि पदरात तोंड लपवून हसली. सगळेच हसले.

पहिली गोष्ट घडली ती चहाची. दुपारी काटेभाऊंची बायको दोन कप घेऊन स्वयंपाकघरातून निघाली. एक काटेभाऊंच्या हातात दिला आणि दुसरा घेऊन बोळाच्या टोकापर्यंत गेली. तिथं उभी राहिली. बराच वेळ उभी राहिली. मग परत आली आणि म्हणाली, "अहो, हा दुसरा कुणासाठी केला होता मी?"

"आत्याला."

"हां, आत्या," ती म्हणाली, पण ज्या सुरात एखादं शाळेतलं नाव आठवावं त्या सुरात. "बघा बाई, वय झालं माझं."

काटेभाऊंनी यावर चिंतन केलं, आणि निष्कर्ष असा काढला की बायकोला लोह कमी पडतंय. घरातल्या कुठल्याही गूढ गोष्टीचं मूळ नवरे आधी बायकोच्या रक्तात शोधतात.

मग रंगारी आला. खटला जिंकल्याच्या आनंदात घराचं रंगकाम काढलं होतं. संध्याकाळी काटेभाऊ कचेरीतून येऊन बघतात तर बोळाची शेवटची भिंत एकसारखी, गुळगुळीत, ताकासारखी पांढरी. दार नाही.

"अरे, इथलं दार काय केलंस?"

रंगारी हातातला ब्रश खाली करून भिंतीकडे बघत राहिला. "कुठलं दार, साहेब?"

काटेभाऊंनी हात फिरवला तेव्हा रंगाखाली फळ्यांच्या सांधी लागल्या. कडीसुद्धा रंगवलेली होती. दार उघडलं, रंग कातड्यासारखा फाटला. आत आत्या खिडकीपाशी बसून दोरा ओवत होती.

"बरं झालं आलास," ती म्हणाली. "मघापासून आवाज देतेय. रंगारी शिट्टी फार छान वाजवत होता, म्हटलं त्याला ऐकू गेलं नसेल."

शिंपीही यायचा थांबला. काटेभाऊ त्याच्या दुकानात गेले, कारण आत्याकडचे काजं झालेले सदरे तसेच पडून होते. शिंपी म्हणाला, "भाऊ, मी आलो होतो तुमच्या मजल्यावर. पिशवी घेऊन उभा राहिलो. मग मलाच कळेना, दातवाल्यांकडे आलोय की तुमच्याकडे. काजं आता मीच करतो. पण एक सांगू? पूर्वी कोण करायचं, ते काही केल्या आठवत नाही."

काटेभाऊ दुकानातून निघाले. तसेच घरी आले आणि त्यांनी पोलादी टेप काढली. मनुष्य संकटात देवाला शरण जातो, काटेभाऊ टेपला शरण गेले. त्यांनी बोळ मोजला. मग खोलीसकट मोजला. दुसऱ्या दिवशी परत मोजला. माप कमी भरलं. तिसऱ्या दिवशी त्याहून कमी. त्या टेपवर खुद्द काटेभाऊंच्या सहीचा शिक्का होता. खोली आकसतेय हे दुःख एका बाजूला, पण आपण प्रमाणित केलेली टेप रोज वेगळं बोलते हा अपमान दुसऱ्या बाजूला. आणि खरं सांगायचं तर काटा त्या वेळी अपमानाकडे जरासा झुकला होता.

"आत्या, तुला काही वेगळं वाटतं का गं?" त्यांनी विचारलं.

तिनं खिडकीकडे पाहिलं. दुपारचं ऊन खिडकीतून आत यायचं, ते आता जमिनीपर्यंत पोचत नव्हतं. अर्ध्यातच विरघळत होतं. "वेगळं असं नाही रे," ती म्हणाली. "फक्त आरशात उशिरा येते मी आजकाल. समोर उभी राहिले की आधी मागची भिंत दिसते. मग हळूहळू मी येते. म्हातारपणी पाय जड होतात, तसंच असेल."

काटेभाऊंनी टेप गुंडाळली आणि वकिलाकडे धाव घेतली.

"अपील करायचंय," ते म्हणाले.

"कशाविरुद्ध?"

"निकालाविरुद्ध."

वकिलांनी चष्मा काढून पुसला. "काटेभाऊ, तुम्ही जिंकलात. अपील हरलेल्यानं करायचं असतं. जिंकलेला माणूस वरच्या कोर्टात जाऊन काय सांगणार? की मला न्याय मिळाला, वाचवा?"

"पण खोली जातेय हो."

"जी नाही ती जाईल कशी?" वकील म्हणाले, आणि आपल्याच वाक्यावर खूश होऊन त्यांनी ते टिपून घेतलं.

इमारतीत बातमी पसरायला वेळ लागला नाही. तळमजल्यावर एक निवृत्त शिरस्तेदार होते. उभी हयात कोर्टाच्या कचेरीत कागदांना शिक्के मारण्यात गेल्यामुळे कायदा त्यांच्या अंगात मुरला होता, निदान लोणच्यात मीठ मुरतं तितका. त्यांना कुणी काही विचारलं की ते आधी डोळे मिटायचे.

"उपायांची जात ओळखावी लागते," डोळे मिटून ते म्हणाले. "खालच्या कोर्टाचा निकाल चुकला, तर अपील. कोर्टानं अधिकाराबाहेर उडी मारली, तर पुनरीक्षण. आणि कागदावरच उघडी-नागडी चूक दिसत असेल, तर त्याच न्यायाधीशापुढे पुनर्विलोकन. तुमची चूक कशी आहे? उघडी की झाकलेली?"

"उघडी. खोली आहे, आणि नाही म्हटलंय."

"मग पुनर्विलोकन."

जिन्यात उभ्या असलेल्या पहिल्या मजल्यावरच्या काकू म्हणाल्या, "माझ्या दिराला असंच मूत्रपिंडाचं झालं होतं. त्याला नाही लागू पडलं पुनर्विलोकन." काकूंना खटला कळला नव्हता, पण उपाय चुकला की रोग बळावतो, एवढं त्यांना बरोबर कळलं होतं.

पुनर्विलोकनाचा अर्ज त्याच न्यायाधीशांपुढे आला. त्यांनी निकाल वाचला, अर्ज वाचला, मग काटेभाऊंना वाचलं.

"खोली नाही, असं कोर्टाला कुणी सांगितलं?"

"मी, साहेब."

"शपथेवर?"

"हो."

"आणि आता ती आहे म्हणता. मग चूक कुणाची?"

आयुष्यभर दुसऱ्यांचे काटे तपासलेल्या माणसाच्या तराजूत आज दोन्ही पारडी त्याचीच होती. अर्ज फेटाळला गेला, आणि फेटाळताना न्यायाधीशांनी आणखी एक ओळ लिहिली: खोली अस्तित्वात नसल्याचा निष्कर्ष कायम.

त्या ‘कायम’नं घात केला. काटेभाऊ घरी आले तर बोळात दिवा लावूनही टोक दिसेना. चालत गेले, चालतच राहिले असं वाटलं. दार उघडलं तर आत्याची खाट भिंतीला लागून नव्हती, भिंतच खाटेला लागून होती. खिडकी होती, पण बाहेर रस्ता नव्हता. नुसता उजेड होता, दुधात पाणी घातल्यासारखा.

"जरा जवळ ये," आत्या म्हणाली. ती हाताच्या अंतरावर होती आणि आवाज विहिरीतून येत होता. "तुझं तोंड का उतरलंय? जेवला नाहीस का?"

शिरस्तेदारांनी पुन्हा डोळे मिटले. म्हणाले, "मी सांगणारच होतो. पुनर्विलोकन नाजूक. आपण असं करू, आत्याबाई दाव्यात पक्षकार नव्हत्या. त्यांना न ऐकता त्यांची खोली काढली. त्रयस्थाला परवानगी घेऊन अपील करता येतं. त्यांच्या नावानं टाका अपील."

हा उपाय कायद्यात बसत होता. काटेभाऊंनी कागद आत नेला, आत्यानं सही केली. सही बोळ ओलांडून बाहेर येईपर्यंत शाई फिकी पडली, म्हणून परत केली. कोर्टाच्या खिडकीवरच्या कारकुनानं कागद घेतला, वाचला आणि परत सरकवला.

"हरकत आहे. अर्जदाराचा पत्ता?"

"लिहिलाय ना. मधली खोली."

"कोर्टाच्या निकालाप्रमाणे अशी खोली नाही. पत्ता नाही तर अर्जदार राहतो कुठं?"

"तीच तर तक्रार आहे."

"मग तुमच्या घरचा पत्ता द्या."

"देतो."

"दिलात, तर मग त्यांना राहायला जागा आहे. तक्रार काय उरली?" कारकून वाईट माणूस नव्हता. त्यानं टेबलावरून पुढं वाकून हळू आवाजात सांगितलं, "काका, ह्यात तुमची बाजू कुणी घेऊ शकत असेल तर तो फक्त तुमचा शत्रू."

घरी येताना काटेभाऊ ते वाक्य चघळत होते. अपील हरलेल्याचं असतं. हरलेला कोण? दातवाले. त्यांनी अपील केलं आणि जिंकलं, तर खोली आहे असं ठरेल. त्यांची ठरेल, पण ठरेल. आणि अपिलाची मुदत संपत आली होती.

घरात शिरताच बायको म्हणाली, "अहो, बोळात एवढी अडगळ कशाला? मी म्हणते ती मागची भिंत जरा पुढं घेऊ या."

"आणि आत्या?"

बायकोनं त्यांच्याकडे काळजीनं पाहिलं. "तुम्हाला आत्या होती? कधी बोलला नाहीत."

काटेभाऊ चपला न घालता निघाले.

दातवाले त्यांना भेटेनात. स्वागतिकेनं सांगितलं, "डॉक्टर फक्त रुग्णांना भेटतात." तेव्हा काटेभाऊंनी दाढ दुखत असल्याचं जाहीर केलं, आणि त्यांना त्या आडव्या खुर्चीत झोपवण्यात आलं. त्यांनी तोंड उघडलं ते बोलण्यासाठी. दातवाल्यांनी त्यात आधी आरसा घातला, मग कापूस, मग नळी.

"निकालाचा मी आदर केलाय," दातवाले दात बघत म्हणाले. "खोली नाही म्हणालात, नाही. आता काय दाखवायला आलात? विजयाचं हसू?"

काटेभाऊंनी घशातून एक करुण आवाज काढला.

"ही दाढ तर ठणठणीत आहे. तरी बघू."

यंत्र सुरू झालं. आणि त्या घुर्र आवाजाच्या पलीकडून, औषधाच्या कपाटामागच्या लिंपलेल्या भिंतीतून, अगदी बारीक, सुईच्या नाकातून ओढल्यासारखं गाणं आलं:

*भिंतीआड कोण आहे, विचारती जाता-येता,*
*कुणी नाही म्हणू कशी, माझ्या तोंडाने मी आता.*

काटेभाऊंनी ऐकलं नाही असं दाखवलं. दातवाल्यांनीही. दोघंही छताकडे पाहत होते. दातवाल्यांच्या हातातलं यंत्र मात्र चालूच राहिलं, हवेत, कुठल्याच दाताला न लागता. मग त्यांनी ते बंद केलं. खुर्चीशेजारच्या स्टुलावर बसले आणि मुखपट्टी खाली ओढली.

"रोज दुपारी," ते म्हणाले. "आधी मला वाटलं रेडिओ असेल. पण रुग्ण विचारतात. एक बाई तर अर्धा दात काढलेला असताना उठून गेल्या. मी कुणाला बोललो नाही. कोर्टानं सांगितलंय तिथं कुणी नाही. मग मला ऐकू येतं, हे मी कुठल्या तोंडानं सांगू? लोक माझ्याकडे दात द्यायला येतात हो, विश्वास लागतो." त्यांनी भिंतीकडे पाहिलं. "कालपासून आवाज फार लांब गेलाय. कोण आहे ते?"

काटेभाऊंनी तोंडातला कापूस स्वतःच काढला. "माझी आत्या."

मग त्यांनी सगळं सांगितलं. सांगून झाल्यावर म्हणाले, "तुम्ही अपील करा. मी विरोध करत नाही. तुम्ही जिंका."

"आणि खोली?"

"तुमची. फक्त ती असू दे. आणि आत्या तिथं शेवटपर्यंत राहू दे."

दातवाल्यांनी हात धुतले. बराच वेळ धुतले. "यंत्र मी बाहेर ठेवीन," ते म्हणाले. "जागा होईल."

हे ऐकून काटेभाऊंच्या वकिलांनी वकीलपत्र सोडलं. "माझ्या कारकिर्दीत अशील मेले, पळाले, फितूर झाले," ते म्हणाले, "पण जिंकलेला निकाल हातानं परत द्यायला निघालेला पहिलाच." जाताना मिठाईच्या पुड्याचं त्यांनी काही काढलं नाही, हा त्यांचा मोठेपणा.

अपील वरच्या कोर्टात लागलं. तिथल्या न्यायाधीश बाई होत्या. चेहरा शांत, पण डोळे वजनकाट्यासारखे. नजर जिथं स्थिर व्हायची तिथंच खरं वजन असायचं. दातवाल्यांच्या वकिलानं तडजोडीचा मसुदा पुढं ठेवला. बाईंनी तो मोठ्यानं वाचला. वादातील खोली अस्तित्वात आहे. ती वादीची आहे. तीत राहणाऱ्या वृद्ध स्त्रीस तहहयात राहण्याचा हक्क आहे. प्रतिवादीचा, म्हणजे काटेभाऊंचा, सदर खोलीशी व तीत राहणाऱ्या व्यक्तीशी यापुढे कोणताही संबंध राहणार नाही.

काटेभाऊ उभे राहिले. "साहेब, यातला तो ‘व्यक्तीशी’ एवढा शब्द..."

"तो हवा," दातवाल्यांचा वकील म्हणाला. "उद्या हे आत्याबाईंचे वारस म्हणून परत दारात उभे राहतील."

दातवाले खाली मान घालून बसले होते. त्यांनी वकिलाच्या बाहीला हात लावला, पण वकील आपल्या वाक्यात पुढं गेला होता.

बाई काटेभाऊंना म्हणाल्या, "मान्य नसेल तर नका करू सही. मी प्रकरण खालच्या कोर्टाकडे परत पाठवीन. नव्यानं पुरावा होईल. वेळ लागेल."

"किती?" काटेभाऊंनी सवयीनं विचारलं.

"ते कुणाला सांगता येत नाही."

सकाळी निघताना काटेभाऊ बोळात उभे राहून हाका मारून आले होते. उत्तर आलं होतं, पण शब्द नव्हते. नुसती ओ होती, आणि तीही संपता संपता आलेली. या कोर्टातलं प्रत्येक अक्षर घरापर्यंत चालत येतं, हे आता त्यांच्याइतकं कुणाला ठाऊक होतं? त्यांनी तो शब्द पुन्हा एकदा वाचला. मग सही केली. सही अगदी सरळ आली, ओळीच्या मधोमध.

संध्याकाळी घरी आले तेव्हा बोळ एका साध्या भिंतीशी संपत होता. फळ्या नाहीत, सांधी नाहीत. त्यांनी भिंतीला कान लावला. पलीकडे कुणीतरी खाट ओढत होतं. चांगली जड, चार पायांची, कुरकुरणारी खाट.

दुसऱ्या दिवशी ते दवाखान्यात गेले. औषधाचं कपाट हललं होतं, चुना उतरवला होता, आणि तिथं दार होतं. खिडकीतून रस्ता दिसत होता, ऊन थेट जमिनीवर सांडलेलं. शिंप्याची पिशवी कोपऱ्यात होती. आत्या भरलेल्या अंगानं, ठसठशीत सावली टाकत, एका सुजलेल्या गालाच्या रुग्णाला सांगत होती की मिठाच्या पाण्यानं चूळ भर. त्यांना पाहून ती उठली. साडी सावरली. ओळखीच्या माणसापुढं बाई अशी साडी सावरत नाही.

"या ना, बसा," ती म्हणाली. "आपण कोण?"

काटेभाऊ बसले. "शेजारी," ते म्हणाले. "दाढ दाखवायला आलो होतो."

"फार दुखते का?"

"दुखते."

शिरस्तेदारांना हे कळलं तेव्हा त्यांनी डोळे मिटलेच नाहीत. "तडजोडीच्या हुकूमनाम्यावर अपील नसतं," ते हलक्या आवाजात म्हणाले. "एकच वाट आहे. फसवणूक झाली असं म्हणून तडजोड रद्द करून घ्यायची. झाली तर पहिला निकाल परत लागू. खोली नाही."

"म्हणजे तिला मी आठवेन, पण ती नसेल."

"तसंच काहीसं."

"नको," काटेभाऊ म्हणाले. हा एवढा एकच उपाय त्यांनी कुणाचाही सल्ला न घेता निवडला.

आता ते दर आठवड्याला दवाखान्यात जातात. कधी खालची दाढ दुखते, कधी वरचा सुळा ठणकतो. स्वागतिका नाव लिहिते, तक्रार लिहिते, आणि दातवाले काही न तपासता त्यांना आतल्या दाराकडे सोडतात. एका जबड्याचे दात तर दुखून संपलेसुद्धा. परवा आत्यानं काम बाजूला ठेवलं आणि त्यांच्याकडे निरखून पाहिलं.

"तुम्हाला दातांचा फारच त्रास दिसतो," ती म्हणाली. "जिवाला खाणारं काही असलं की दात दुखतात. घरी कुणी मोठं माणूस नाही का तुमच्या? मन मोकळं करायला?"

"आहे ना," काटेभाऊ म्हणाले. "आहे."

"मग त्यांच्यापाशी बसत जा. मनातलं सांगत जा."

"बसतो," ते म्हणाले, आणि खुर्ची आणखी थोडी पुढं ओढली.